राजारामपुरीतला मुलांचा अभिनयवर्ग: लेकीच्या पहिल्या कामांपर्यंतचा आमचा अनुभव

कोल्हापुरात पोराला किंवा पोरीला अभिनय शिकवायचा विचार असेल तर राजारामपुरीतल्या या वर्गात घाला, असं मी कुणालाही बिनधास्त सांगते. माझी लेक तिसरीत असताना तिथं जायला लागली, आता सातवीत आहे. एवढ्यात तिनं बालनाट्यं केली, टीव्हीवरच्या एका मालिकेत नायिकेचं लहानपण केलं, एका जाहिरातीत दिसली आणि एका मराठी चित्रपटात छोटं पण नीट काम केलं. ती अजून शाळेत जाते, गल्लीत लंगडी खेळते, गणिताला कंटाळते आणि शनिवारची वाट बघते. यातलं बरंचसं श्रेय मी या वर्गाला देते, म्हणून सविस्तर लिहिते आहे.

वर्गाचं नाव आणि गल्लीचा नंबर मुद्दाम देत नाही. तिथं सगळी लहान पोरं येतात. एखादी टीव्हीवर दिसायला लागली की अनोळखी माणसं फोटोसाठी दारात थांबतात, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. कोल्हापुरात बालनाट्य करणाऱ्या कुणालाही विचारा, पत्ता मिळेल.

जागा म्हणजे एका जुन्या घराचा वरचा मजला. बाहेरून लोखंडी जिना, आत लांबडा हॉल, शहाबादी फरशी, सतरंज्या, कोपऱ्यात हलगी आणि ढोलकी. भिंतीला आरसा नाही. मी सरांना विचारलं तर म्हणाले, "ताई, आरसा लावला की पोरं स्वतःकडं बघत बसतात. मला त्यांनी समोरच्याकडं बघायला हवंय." सरांनी राज्य नाट्य स्पर्धेत बरीच वर्षं काढली आहेत. जोडीला प्राथमिक शाळेतून निवृत्त झालेल्या एक बाई आहेत. सर शिकवतात आणि बाई पोरांकडं बघतात, अशी वाटणी आहे. माझ्या मते वर्गाचा खरा कणा बाई आहेत.

फी महिन्याला पंधराशे. मी घरी ब्लाउज शिवते, मिस्टर शिरोलीच्या फौंड्रीत आहेत, त्यामुळं हे पैसे आम्हाला जाणवतात. पण उन्हाळ्याच्या सुट्टीतल्या आठ-दहा दिवसांच्या शिबिराला लोक त्याच्या दुप्पट-तिप्पट देतात आणि शेवटी हातात एक सर्टिफिकेट येतं, हे धरलं तर फी रास्त आहे.

पहिले सहा महिने कॅमेरा नाही. यावरून काही पालक वर्ग सोडून जातात. मोबाईल बाहेरच्या टोपलीत, पालक जिन्याखाली. आत काय चालतं ते मला लेकीकडूनच कळायचं. एका रविवारी सगळ्यांना कपिलतीर्थ मार्केटमध्ये नेलं. प्रत्येकानं एक माणूस निवडायचा, त्याच्याकडं टक लावायची नाही, नक्कल करायची नाही, फक्त बघून यायचं. लेकीनं एक मेथीवाली आजी निवडली. त्या आजी पैसे मोजताना ओठ हलवतात पण आवाज काढत नाहीत, आणि गिऱ्हाईक निघून गेलं की परत एकदा मोजतात. हे तिनं घरी येऊन करून दाखवलं तेव्हा सासूबाई हसता हसता गप्प झाल्या. त्यांची आई मंडईत बसायची.

भाषेचं सांगायलाच पाहिजे. आमच्या घरात "सांगितल्यालं", "गेल्यालो", "कशाला आलाईस" असंच बोलतात. टीव्हीवर जायचं तर हे पुसून टाकायला लागेल, असं मला दुसऱ्या एका ठिकाणी सांगितलं होतं. सरांनी पुसलं नाही. त्यांनी तिला दोन्ही बोलायला शिकवलं. एकच वाक्य आजीला सांगायचं, मग तेच शाळेतल्या इन्स्पेक्टरला, मग आकाशवाणीवर. पोरं हसत हसत तीन भाषा बोलतात आणि कुठं कोणती वापरायची हे त्यांना कळतं. पुढं मालिकेच्या ऑडिशनला तिला पुस्तकी मराठीतला सीन दिला होता. तो झाल्यावर समोरच्यांनी विचारलं, "गावाकडचं येतं का?" तिनं तोच सीन आमच्या घरच्या बोलीत केला. काम त्यामुळंच मिळालं असं मला वाटतं. शूटिंग कोल्हापूरच्याच बाजूला होतं आणि त्यांना इथला कान असलेली पोरगी हवी होती.

इथं थोडं कोल्हापूरबद्दल. आमचं गाव म्हणजे बाबूराव पेंटरांचं गाव, त्यांच्या 'सैरंध्री' या मूकपटाचं १९२० सालचं गाव. प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली इथंच निघाली आणि १९३३ ला पुण्याला गेली. खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा मानस्तंभ आहे, तिथं सर नव्या मुलांना घेऊन जातात. पण माझ्या लहानपणी शूटिंग ही लांबून ऐकायची गोष्ट झाली होती. २०१६ ला जवळच्या वसगडे गावात 'तुझ्यात जीव रंगला' ही मालिका सुरू झाली, नंतर मोरेवाडीच्या चित्रनगरीत जोतिबाच्या मालिकेचा सेट लागला, आणि ऑडिशन, कॉल टाइम, रिटेक हे शब्द आमच्या गल्लीत आले. त्यासोबत पोरांना मालिकेत घालून देतो म्हणणारेही आले. त्यातल्या एकाबद्दल पुढं सांगते.

सहा महिन्यांनंतर कॅमेरा येतो तो एका साध्या ट्रायपॉडवर. इथं शिकवलेलं मला फार कामाचं वाटतं, कारण सेटवर नेमकं हेच लागतं. मालिकेत सीन बऱ्याचदा सकाळी हातात येतो. आधी सगळ्यांचा मिळून मास्टर शॉट घेतात, मग एकेकाचा क्लोज, म्हणजे जवळून चेहरा. क्लोजमध्ये मास्टरसारखंच करायचं असतं. कोणत्या शब्दाला पेला उचलला, कोणत्या हातात दप्तर होतं, वेणी पुढं होती का मागं. सर पोरांना पाणी प्यायला सांगतात आणि मग तसंच, त्याच घोटांत, परत प्यायला सांगतात. घरी लेक जेवताना हेच करत बसायची, भाकरीचा तुकडा त्याच शब्दाला मोडायची. दुसरा सराव झाडूशी बोलायचा. हॉलमध्ये झाडू उभा करून ठेवतात आणि तो बाबा आहे, आजी आहे, रागावलेल्या बाई आहेत असं समजून बोलायचं. मला हे विचित्र वाटायचं. सेटवर गेल्यावर कळलं. मोठ्या कलाकाराला दुसरीकडं जायचं असतं, म्हणून पोरीचा क्लोज नंतर घेतात आणि ती लाइटच्या स्टँडला चिकटवलेल्या टेपकडं बघून "बाबा, मला सोडून जाऊ नका" म्हणते. झाडूशी बोललेल्या पोरीला त्याचं काही वाटलं नाही.

आता रडण्याचं. मालिकेतल्या लहान मुलीला रडायला लागतंच, आणि फार वेळा लागतं. बाईंचा नियम असा की रडण्यासाठी मुलाला घरातलं खरं दुःख आठवायला सांगायचं नाही, आई मेली असं समज म्हणायचं नाही, घाबरवायचं नाही. श्वास अडकवायचा कसा, हनुवटी कशी थरथरते, बोलता बोलता गिळायचं कुठं, हे शरीराकडून शिकवतात. डोळ्यात पाणी नाही आलं तर ग्लिसरीन आहे, त्यात कमीपणा नाही, असं पोरांना स्पष्ट सांगतात.

एकदा सेटवर उशीर होत होता. मी कपडे घ्यायला मेकअप रूममध्ये गेले होते. तेवढ्यात एका असिस्टंटनं तिला सांगितलं, "तुझी आई घरी गेली, आता येणार नाही." खरं रडू यावं म्हणून. ती त्याला म्हणाली, "दादा, मला खोटं सांगू नका. मला रडायला येतं. एक मिनिट थांबा." मग तिनं डोळे मिटले, श्वास घेतला आणि शॉट दिला. मला हे नंतर हेअरच्या ताईनं सांगितलं. मी दिग्दर्शकांशी बोलले, त्यांनी त्या मुलाला समज दिली आणि परत तसं झालं नाही. मला आनंद शॉटचा झाला नाही. नऊ वर्षांच्या पोरीनं, भोवती एवढी मोठी माणसं असताना, "खोटं सांगू नका" म्हटलं याचा झाला. ते तिला या वर्गात शिकवलं होतं. पहिल्याच महिन्यात बाई एक खेळ घेतात, त्यात मोठ्या माणसाला नम्रपणे नाही म्हणायचं असतं. पोरं एकेक करून सरांना नाही म्हणतात आणि सर पटवायचा प्रयत्न करतात.

पालकसभा हा या वर्गाचा दुसरा मोठा भाग. कोणत्याही मुलाला ऑडिशनला पाठवण्याआधी आई-वडिलांना बसवून कायदा वाचून दाखवतात. चौदा वर्षांखालच्या मुलाला कामाला लावायला बंदी आहे. त्यात सिनेमा, मालिका, जाहिरातीतल्या बालकलाकाराला जी सूट आहे ती अटींसह आहे. कायद्यात २०१६ ला दुरुस्ती झाली आणि २०१७ ला नियम आले. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही. सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, मध्ये विश्रांती हवीच. सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त नाही. ज्या जिल्ह्यात शूटिंग आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्यानं घ्यायची, मुलांची यादी आणि पालकांची संमती द्यायची, आणि जे हमीपत्र द्यायचं ते सहा महिनेच चालतं. पाच मुलांमागं किमान एक जबाबदार माणूस. शाळा बुडू नये याची सोय निर्मात्याकडं. कमाईतले किमान वीस टक्के मुलाच्या नावावर राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत, सज्ञान झाल्यावर त्याला मिळतील असे. आणि मुलाच्या मर्जीविरुद्ध काहीच नाही.

हे बाई नुसतं वाचत नाहीत, वही करायला लावतात. सेटवर किती वाजता पोचलो, मेकअप कधी, पहिला शॉट कधी, जेवण कधी, पॅकअप कधी. मी शिवणाच्या मापांची वही लिहिते तशीच ती लिहीत गेले. एका रात्रीच्या लग्नाच्या सीनला वेळ लांबत चालला तेव्हा मी भांडले नाही. वही उघडून प्रॉडक्शनच्या माणसाला दाखवली आणि म्हटलं, "दादा, पाच तास झालेत. तिचं उरलेलं उद्या घ्या." त्यानं वहीकडं बघितलं, फोन केला, आणि तिचे क्लोज दुसऱ्या दिवशी घेतले. आवाज चढवायची वेळ आली नाही. सगळीकडं असं होईल असं मी म्हणत नाही. पण आईच्या हातात लिहिलेलं काही असलं की समोरचा वेगळं बोलतो.

पैशाबद्दल बाई फार कडक आहेत, आणि त्यासाठी त्या कोल्हापूरच्याच गोष्टी सांगतात. जुने नट-दिग्दर्शक मास्टर विनायक आमच्या गावचे. त्यांची मुलगी, अभिनेत्री नंदा, इथंच १९३९ साली जन्मली. वडील १९४७ च्या ऑगस्टमध्ये गेले तेव्हा ती आठ वर्षांची होती. 'मंदिर' हा तिचा पहिला सिनेमा १९४८ ला आला, आणि मग बेबी नंदा या नावानं ती घरासाठी काम करत राहिली. त्याच मास्टर विनायकांच्या कंपनीत लता मंगेशकरांनी पोरवयात चेहऱ्याला रंग लावला. वडील मास्टर दीनानाथ १९४२ ला गेले तेव्हा लताबाई तेरा वर्षांच्याही नव्हत्या, घरात सगळ्यात मोठ्या होत्या. त्याच वर्षी 'पहिली मंगळागौर'मध्ये त्या दिसल्या. अभिनय त्यांना मनापासून कधी आवडला नाही आणि ते त्यांनी पुढं मोकळेपणानं सांगितलंही. बाई सभेत पालकांना म्हणतात, "त्या पोरींसमोर दुसरा रस्ता नव्हता. तुमच्या घरात रस्ता आहे ना? मग पोरीच्या पैशावर घराचा हप्ता बसवू नका." हे ऐकून सभेत शांतता होते. आम्ही घरी आलो आणि मिस्टरांनी ठरवलं की वीस टक्के नाही, तिच्या कामाचा सगळाच पैसा तिच्या नावावर ठेवायचा. प्रवासाचा आणि खाण्याचा खर्च आमचा. हे जमलं कारण शूटिंग जवळ होतं. मुंबईला खोली घेऊन राहायला लागलं असतं तर जमलं नसतं, हेही खरं.

तिसरी गोष्ट बेबी शकुंतलांची. प्रभातच्या 'रामशास्त्री'त, १९४४ साली, 'दोन घडीचा डाव' गाताना दिसते ती मुलगी. लग्नानंतर सिनेमा सोडून त्या कोल्हापूरला राहिल्या आणि २०१५ ला इथंच गेल्या. सर पोरांना ते गाणं दाखवतात आणि विचारतात, ती कुठं बघते? समोरच्या मुलाकडं का कॅमेऱ्याकडं? आमची लेक ते इतक्या वेळा बघत बसली की सासूबाईंनाही पाठ झालं. लहानपणी पडद्यावर असणं आणि मोठेपणी घरात सुखानं असणं या दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या आयुष्यात बसू शकतात, हे तिला त्या गाण्यासोबत कळलं. मला त्याची गरज वाटत होती. तिच्या वर्गातल्या मैत्रिणी तिला "तू आता हिरोईन होणार" म्हणत होत्या.

आता त्या कामं देतो म्हणणाऱ्याबद्दल. मालिका सुरू व्हायच्या आधी एकाचा फोन आला. मोठ्या चॅनलचं काम आहे, मुलगी निवडली आहे, फक्त रजिस्ट्रेशन आणि पोर्टफोलिओचे पंचवीस हजार भरा. ऑडिशन झालीच नव्हती. मी सरांना विचारलं. ते म्हणाले, "काम देणारा पैसे देतो, मागत नाही. मुलांचे दोन साधे फोटो, एक हसरा, एक गंभीर, आणि नाव-वय-उंची सांगणारा एक व्हिडिओ. एवढंच लागतं, ते मोबाईलवर होतं." तो व्हिडिओ त्यांनी हॉलमध्ये खिडकीच्या उजेडात काढून दिला, त्याचे पैसे घेतले नाहीत. मिळालेल्या कामातूनही ते कमिशन घेत नाहीत. हे मी खात्रीनं लिहिते, कारण बिलं माझ्या हातून गेली आहेत. बिलाचं अजून एक सांगून ठेवते: टीव्हीचे पैसे काम झाल्यावर लगेच येत नाहीत, तीन महिने धरून चाला. जाहिरातीचंही तसंच.

मालिका संपली कशी ते लिहिते, कारण नव्या पालकांना याची कल्पना नसते. लहानपणाचा ट्रॅक म्हणजे एक दिवस लीप येणार. कथा पंधरा वर्षं पुढं जाते आणि तुमच्या पोरीच्या नावाची दुसरीच मोठी मुलगी पडद्यावर येते. त्याआधी तिचा पुढचा दात पडला होता आणि कंटिन्युइटीसाठी, म्हणजे आधीच्या शॉटशी जुळावं म्हणून, तिला काही दिवस तोंड मिटून हसायला लावलं होतं. मग केक कापला, सगळ्यांनी जवळ घेतलं, आणि पुढच्या सोमवारी तिनं घरी टीव्हीवर पाहिलं की तिच्या पात्राला "बाळा" म्हणणारे बाबा दुसऱ्याच मुलीला बाळा म्हणतायत. ती उठून आत गेली. दोन घास कमी जेवली. मी काय बोलावं मला सुचलं नाही.

बाईंना हे माहीत होतं. शनिवारी तिला वर्गात सांगितलं की बालनाट्य स्पर्धेच्या नाटकात या वेळी तू विंगेत. प्रॉपर्टी, म्हणजे नाटकातलं सामान, तुझ्याकडं. कंदील, पत्र, घुंगराची काठी, पोत्यातली बाहुली. मालिका करून आलेल्या प्रत्येक मुलाला पुढच्या नाटकात हेच काम देतात, हा तिथला नियम आहे. ती चिडली. मला म्हणाली, "मम्मी, मी टीव्हीवर काम केलंय, आणि मला काठी धरायला लावत्यात." मी म्हटलं, बाईंना विचार. तिनं विचारलं, बाईंनी काय सांगितलं ते मला कळलं नाही, पण ती परत आली ती यादी करतच. कुठल्या प्रवेशाला काय, कुठल्या बाजूनं, कुणाच्या हातात. प्रयोगाला एका छोट्या मुलाचं वाक्य अडकलं तेव्हा तिनं विंगेतून अगदी हळू आवाजात पहिला शब्द दिला आणि तो पुढं निघाला. घरी आल्यावर मालिकेबद्दल नाही, ती त्या एका शब्दाबद्दल बोलत होती. हा नियम कोणत्याही मोठ्या शहरातल्या अकादमीत असेल तर मला सांगा.

चित्रपटाचं काम त्यानंतरचं, पन्हाळ्याच्या बाजूला. मालिकेपेक्षा फार वेगळं. आधी कार्यशाळा झाली, दिग्दर्शक पोरांसोबत जमिनीवर बसून बोलले, एका दिवसात थोडेच सीन, आणि एकच गोष्ट पुन्हा पुन्हा. मालिकेच्या सवयीनं ती भराभरा बोलून मोकळी व्हायची. सरांनी त्या आठवड्यात तिच्याकडून फक्त गप्प बसण्याचा सराव घेतला. शिवणीत माया सोडावी तशी वाक्याच्या आधी-मागं जागा सोड, असं ते म्हणाले, आणि माझ्याकडं बघून हसले. तिला ते चटकन कळलं, माझ्या मशिनशेजारीच मोठी झाली आहे ती.

उणिवाही सांगते. लोखंडी जिना पावसाळ्यात निसरडा होतो, कठडा एका बाजूलाच आहे. स्वच्छतागृह एकच आणि तेही खाली. मुलींच्या पालकांनी हा विषय सभेत काढला आहे, अजून काही झालेलं नाही. एका तुकडीत मुलं जास्त झाली आहेत, लाजऱ्या मुलाची पाळी उशिरा येते. नाच-गाण्याची तयारी इथं होत नाही, रिॲलिटी शोसाठी पोरं तयार करायची असतील तर ही जागा नव्हे. सरांचा फोन लागत नाही, बाईंना मेसेज करा. स्पर्धेच्या आधी तालमी रोज संध्याकाळी होतात आणि त्या सहामाहीच्या जवळ येतात. आमच्या शाळेच्या बाईंनी समजून घेतलं, पण सगळ्या शाळा घेत नाहीत. आणि इचलकरंजी, कागलकडून येणाऱ्या पोरांची रविवार सकाळी एसटीसाठी फार धावपळ होते. वेळ अर्धा तास पुढं न्यावी असं मी बाईंना सांगितलं आहे.

एक उणीव कुणाच्या हातातली नाही. वर्गाचं वार्षिक नाटक केशवराव भोसले नाट्यगृहात व्हायचं. शाहू महाराजांनी १९१५ साली उभं केलेलं ते थिएटर ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री जळालं, केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या रात्री. खासबागेपाशी गर्दी उभी होती, म्हातारी माणसं रडत होती. माझ्या लेकीचं पहिलं नाटक त्याच रंगमंचावर झालं होतं, त्यातलं तिचं वाक्य एकच होतं, पण शेवटच्या रांगेत ऐकू आलं होतं. आता प्रयोग दसरा चौकात शाहू स्मारकला होतात. जागा चांगली आहे, पण मोठ्या थिएटरात आवाज पोचवायचा सराव पोरांना मिळत नाही, आणि तो फरक नव्या तुकडीत मला ऐकू येतो. सर त्यासाठी पोरांना रंकाळ्याच्या कडेला उभं करून लांबून बोलायला लावतात.

ज्यांना दोन महिन्यांत पोरगी टीव्हीवर हवी आहे त्यांनी इथं येऊ नये, त्यांचाही वेळ जाईल आणि बाईंचाही. पोराला लोकांसमोर उभं राहायची भीती वाटते, तोतरं बोलतं, घरात एकटं असतं, अशांनी जरूर यावं. लेकीच्या तुकडीत एक मुलगा वर्षभर नाटकात झाडच होता आणि आता तो सूत्रधार करतो. मालिकेत तो कधी जाणार नाही, त्याच्या आईला त्याचं काही वाटत नाही.

प्रवेश जूनमध्ये, शाळा सुरू झाल्यावर. वय सात पूर्ण. पहिला वर्ग फुकट बसता येतो. फी रोख किंवा ऑनलाइन, पावती मागून घ्या, देतात. दोन भावंडं असली तर दुसऱ्याची निम्मी. पालकसभेला आई-वडील दोघांनी जायचं असतं. एकट्यानं गेलं तर दुसऱ्याला घेऊन पुढच्या सभेला या म्हणतात, आणि तोवर मुलाला ऑडिशनला पाठवत नाहीत. मिस्टरांची पाळी रात्रीची होती तेव्हा त्यांच्याऐवजी सासूबाई आल्या होत्या, ते चाललं.